एक नाणं, हजार वेळा

एखाद्याकडे हजार सोन्याची नाणी आहेत. ती त्याने एका गरजूला एकरकमी देऊन टाकली, तर तो उदार होतो का? मायमोनिडीसच्या मते फारसा नाही. तीच नाणी एकेक करून हजार वेळा दिली तर मात्र होतो. एकरकमी देण्यात मन एकदाच उचंबळतं आणि मग थंड पडतं. हजार वेळा देण्यात मुठीला उघडायची सवय लागते. बाराव्या शतकातला हा यहुदी धर्मशास्त्रज्ञ वैद्यही होता, आणि मनाच्या आजारांवर लिहिताना त्याच्यातला वैद्य सतत डोकावतो.

यहुदी विचार आणि मानसोपचार हा विषय निघाला की लोक फ्रॉइडच्या घराण्यात शिरतात, नाहीतर कब्बाला या यहुदी गूढविद्येत. मला दोन्ही वाटा प्रत्यक्ष उपचारात फार पुढे नेणाऱ्या वाटत नाहीत. कामाला येतात ती या परंपरेतली मापं: किती वेळा, किती दिवस, आणि थांबायचं कुठे.

मायमोनिडीसची पद्धत साधी आहे. स्वभाव एका टोकाला झुकला असेल तर माणसाला काही काळ दुसऱ्या टोकाची कृती करायला लावायची. कंजुषाला नुसतं 'थोडं दे' सांगून भागत नाही. त्याला उधळपट्टी वाटेल इतकं, आणि पुन्हा पुन्हा खर्चायला लावायचं. तो उधळेपणाच्या जवळ पोचला की तिथून मागे घ्यायचं आणि मध्यावर, म्हणजे औदार्यावर आणून सोडायचं. पण दोन्ही टोकांना मात्रा सारखी नाही. औदार्य उधळेपणाला जवळ आणि कंजूषपणाला लांब, त्यामुळे उधळ्याला उदार करणं सोपं, कंजुषाला उदार करणं अवघड. म्हणून कंजुषाला उलट्या कृतीचे डोस जास्त, उधळ्याला कमी. भित्रा आणि अविचारी धाडसी यांचंही तसंच. गर्व आणि राग यांना मात्र तो वेगळं काढतो. तिथे मध्य चालत नाही, थेट पलीकडच्या टोकालाच जायचं.

यात काय बिघडतं हेही त्याने लिहून ठेवलंय. धर्मनिष्ठ माणसं कधी कधी उपास, जागरण, एकांतवास करत, ते स्वतःच्या एखाद्या झुकावावरचं औषध म्हणून. बघणाऱ्यांना वाटलं, हीच भक्ती. त्यांनीही तेच सुरू केलं, आणि कायमचं. त्याचा दाखला असा: इंद्रावणासारखं जहाल रेचक घेऊन रोगी बरा झालेला पाहून धडधाकट माणूस तेच रोज घेऊ लागला, तर तो आजारीच पडणार. टोकाची कृती हे औषध आहे आणि औषधाला मुदत असते, हे विसरलं की उपचारातूनच नवा आजार उभा राहतो.

हा नवा आजार आज धार्मिक मंत्रचळाच्या, म्हणजे त्याच त्या शंका आणि कृतींत अडकवणाऱ्या ओसीडीच्या, रूपात भेटतो. जेरुसलेममध्ये डेव्हिड ग्रीनबर्ग आणि एलिएझर विट्झटम या मनोविकारतज्ज्ञांनी कट्टर धर्मनिष्ठ यहुदी रुग्णांवर पुष्कळ काम केलं. तिथला ओसीडी बहुधा धर्माच्याच भाषेत बोलतो: प्रार्थनेतला शब्द मनापासून उच्चारला गेला का, हात धर्माप्रमाणे शुद्ध झाले का, दुधाचा थेंब मांसाच्या भांड्यात तर गेला नाही ना (दूध आणि मांस एकत्र करायला यहुदी धर्मात मनाई आहे).

प्रार्थनेचं उदाहरण जवळून बघू. 'अमिदा' ही उभ्याने म्हणायची मुख्य प्रार्थना. तिचा पहिला आशीर्वाद लक्षपूर्वक म्हटला पाहिजे, असा नियम. रुग्ण तो म्हणतो, शंका येते, पुन्हा सुरू करतो. बाकीचे प्रार्थना संपवून निघून जातात, हा अजून पहिल्याच ओळीत. आता गंमत बघा. सोळाव्या शतकात पोलंडमधल्या क्राकूवच्या रब्बी (यहुदी धर्मगुरू) मोशे इस्सेर्लेस यांनी निर्णय देऊन ठेवलाय: हल्ली लक्ष नव्हतं म्हणून प्रार्थना पुन्हा म्हणायची नाही, कारण दुसऱ्यांदा म्हणतानाही लक्ष नसण्याचीच शक्यता जास्त, मग पुन्हा म्हणायची कशाला? एक्स्पोजर अँड रिस्पॉन्स प्रिव्हेन्शन, म्हणजे शंकेला सामोरं जाऊनही विधी न करण्याचा उपचार, नेमकं हेच मागतो.

काम असं चालतं. रुग्ण, उपचारक आणि रुग्णाचे रब्बी एकत्र बसतात. शंकांची यादी करून प्रत्येकीला अस्वस्थतेचे ० ते १०० गुण देतात. प्रत्येक शंकेवर रब्बी निर्णय देतात, एकदाच आणि शक्यतो लेखी. मग कमी गुणांच्या पायरीपासून सुरुवात: आशीर्वाद नेहमीच्या गतीने, एकदाच, शब्द न ओढता म्हणायचा आणि पुढे जायचं. शंका येणारच. ती घेऊनच प्रार्थना संपवायची, कुणाला विचारायचं नाही. अस्वस्थता उतरेपर्यंत थांबणं किंवा ती असतानाच पुढचं काम करणं, दोन्ही चालतं. परत मागे जाणं तेवढं चालत नाही.

अर्धवट माहितीवर उपचारक हमखास फसतात ते स्वयंपाकघरात. हलाखामध्ये, म्हणजे यहुदी आचारनियमांत, साठाचा नियम आहे: मांसाच्या भांड्यात चुकून दुधाचा थेंब पडला आणि भांड्यातला ऐवज त्या थेंबाच्या साठपट असेल, तर सहसा अन्न चालतं. हे वाचून कुणी रुग्णाला सांगतो, 'मुद्दाम एक थेंब टाक.' चूक! हा नियम घडून गेलेल्या अपघातासाठी आहे. जाणूनबुजून असं करायला मनाई आहे. रुग्णाला हे पक्कं ठाऊक असतं आणि त्या क्षणी त्याचा उपचारकावरचा विश्वास उडतो. त्याऐवजी झाकलेलं दूध आणि झाकलेलं मांस एकाच फ्रिजमध्ये ठेवायचं, ओटा एकदा पुसल्यावर पुन्हा पुसायचा नाही, आणि 'कदाचित थेंब गेलाही असेल' हे वाक्य लिहून रोज मोठ्याने वाचायचं. सामान्य धर्मनिष्ठ माणूस जितकं करतो तितकं करायचं, त्याहून एक पाऊलही जास्त नाही. नियम मोडायची गरजच पडत नाही.

दुसरा घोळ रब्बींच्या बाजूने होतो. रुग्ण तोच प्रश्न शब्द फिरवून पाचव्यांदा विचारतो आणि भले रब्बी पाचव्यांदा उत्तर देतात. ते उत्तर म्हणजे आश्वासनाची गोळी, तासाभरात उतरते. म्हणून ठरवायचं: एकच रब्बी, एकदाच प्रश्न, नंतर फक्त 'हे आधी विचारून झालंय.' तिसरा घोळ सगळ्यांत चिवट. रुग्ण 'रब्बी म्हणालेत चालेल, रब्बी म्हणालेत चालेल' असं मनात घोकतो. म्हणजे विधी बंद झालाच नाही, तोंडातून डोक्यात गेला. शिकवायचं वाक्य वेगळं आहे: 'चुकलंही असेल. मी पुन्हा म्हणणार नाही.'

बोलण्याच्या उपचाराचं मूळही शोधता येतं. चिंता मनाला वाकवते, अशा अर्थाच्या, बायबलमधल्या 'नीतिसूत्रे' या पुस्तकातल्या ओळीवर तालमूदमध्ये, म्हणजे रब्बींच्या चर्चांच्या प्राचीन ग्रंथात, रब्बी अम्मी आणि रब्बी अस्सी यांचा मतभेद आहे. एक म्हणतो, चिंता मनातून बाजूला सारा. दुसरा म्हणतो, इतरांना सांगा. कोणतं मत कुणाचं, हे तालमूद सांगत नाही, आणि दोन्ही ठेवून देतं. मंत्रचळाच्या बाबतीत मात्र 'इतरांना सांगा' जपून वापरायचं. सांगणं कधी विचारणं होऊन बसतं, पत्ता लागत नाही.

स्वतःच्या वागण्याच्या रोजच्या हिशेबाचंही तेच. मेनाखेम मेंडेल लेफिन या यहुदी लेखकाने १८०८ साली बेंजामिन फ्रँकलिनची पद्धत यहुदी वाचकांसाठी बेतून घेतली: तेरा गुण, दर आठवड्याला एक, रोज चुकांच्या खुणा, वर्षातून चार फेऱ्या. आळसावर, चिडखोरपणावर उत्तम. ओसीडीच्या रुग्णाला हा तक्ता देऊ नये. खुणा तपासणं हाच त्याचा नवा विधी होतो.

शोकाची मापं तर सगळ्यांत जुनी: तीन दिवस रडायला, सात दिवस मृताच्या आठवणी काढायला, तीस दिवस केस न कापता राहायला. त्याहून जास्त कराल, तर देव म्हणतो, मृतावर तुमची माया माझ्यापेक्षा जास्त नाही. समाचाराला आलेल्याने शोकग्रस्त बोलेपर्यंत गप्प बसायचं, हाही नियमच. मात्र हे दिवस बाहेरच्या वागण्याचे आहेत. एकतिसाव्या दिवशी कुणी रडत असेल तर त्याला आजारी ठरवायला ही मापं वापरू नयेत.