तुम्ही विचारलंत म्हणून: सिमेंट कुठलं वापरलं?

बागेत पहिल्यांदा येणारा माणूस आधी झाडं बघतो, मग फुलं, आणि मग खाली वाकून वाफ्याच्या कडेला बोट लावतो. काळसर करड्या दगडाच्या उभ्या लाद्या, एकीला लागून एक, मातीच्या वर वीतभर आलेल्या. कुणी अंगठ्याने ढकलून बघतं, एकाने तर चक्क बुटाच्या टाचेने ठोकून बघितलं. लादी हलत नाही. मग ठरलेला प्रश्न येतो: "सिमेंट कुठलं वापरलंत?"

सिमेंट वापरलेलंच नाही. म्हणजे पहिल्या खेपेला वापरलं होतं, आणि तिथेच फसले होते.

त्या वेळी मी वाफ्याच्या कडेच्या लाकडी फळ्यांना कंटाळले होते. फळी सगळीकडे सारखी कुजत नाही. जिथे माती संपते आणि हवा लागते त्या रेषेवर ती आधी जाते, कारण बुरशीला ओल आणि हवा दोन्ही तिथेच मिळतात. वरून फळी ठणठणीत दिसते आणि एक दिवस गुडघा टेकला की कुस्करते. नंतर प्लॅस्टिकची पट्टी आणली, ती उन्हाने कडक होऊन तडकली. मग पाटीचा दगड आणला, स्लेट म्हणतात तो. कुजत नाही, गंजत नाही, पाणी जेमतेम पितो. छपरावर घालतात तो दगड, जमिनीत त्याला काय होणार, असा माझा हिशेब. 30 सेंटिमीटर उंचीच्या लाद्या घेतल्या, 8 सेंटिमीटर खोल चर मारला, त्यात सिमेंटचा माल ओतला, लाद्या उभ्या केल्या आणि सांधेही सिमेंटने बुजवून टाकले. दोरीत, ओळंब्यात, अगदी फोटो काढण्यासारखं काम.

दुसऱ्या वर्षी सगळी रांग वाटेकडे झुकली. दोन लाद्या बरोब्बर सिमेंटच्या रेषेवर मोडल्या होत्या, जणू कुणी पट्टी धरून मोडल्या असाव्यात.

दगड वाईट नव्हता. माझं गणित वाईट होतं. वाफ्यातली माती कडेला ढकलत असते आणि तिचा रेटा खाली जाऊ तसा वाढतो. त्यामुळे मातीची उंची दुप्पट केली की एकूण रेटा चौपट होतो. शिवाय तो रेटा जिथून लागतो ती जागाही दुप्पट वर सरकते, म्हणजे लादीला उलथवणारा जोर आठपट होतो. 10 सेंटिमीटरच्या वाफ्याला जे जुगाड वर्षानुवर्षं पुरतं ते 20 सेंटिमीटरला हां हां म्हणता का झोपतं, ते यात आहे. माझ्या लादीमागे 22 सेंटिमीटर माती होती आणि जमिनीत पाय 8 सेंटिमीटरचा. त्यात पाऊस पडला की माती जड होते, आणि पाण्याला बाहेर पडायला फट नसेल तर त्याचा रेटा वेगळा. फटी तर मी स्वतःच्या हाताने बंद केलेल्या. सिमेंटने लादीला पाया मिळाला असं मला वाटलं होतं, प्रत्यक्षात तिला नुसता जड बूट मिळाला. लादी जिथे त्या बुटातून बाहेर येत होती, तिथेच सगळा ताण एकवटला आणि ती मोडली.

दुसऱ्या खेपेला 60 सेंटिमीटर लांब, 45 सेंटिमीटर उंच आणि 2 सेंटिमीटर जाड लाद्या घेतल्या. एकेक साधारण 15 किलोची. त्यातला 20 सेंटिमीटर भाग वर दिसतो, 25 जमिनीत आहे. अर्ध्याहून जास्त दगड पुरायचा म्हणजे पैसे अक्षरशः मातीत घालणं. ऐकणाऱ्याचा चेहरा इथे हमखास पडतो. वाफा आणि वाट एकाच पातळीत असतील, कड नुसती गवत आत शिरू नये म्हणून असेल, तर एक तृतीयांश पुरलं तरी भागतं. पण कडेने माती अडवायची असेल तर जेवढं वर तेवढं खाली, उलट खाली थोडं जास्तच. यात मी घासाघीस करत नाही.

दगड निवडताना मी रंगावर जात नाही. रंग खनिजांचा असतो: हिरवट छटा क्लोराइटची, जांभळट किंवा तांबूस लोहाची, काळी कार्बनची. टिकाऊपणा त्यावरून कळत नाही. मी लादी एका कडेवर उभी धरते आणि बोटाच्या पेराने टकटक करते. चांगली लादी खणखणते, भांड्यासारखी. आत तडा असेल किंवा पापुद्रे सुटायला लागले असतील तर आवाज बद्द येतो. मग एखादा तुकडा रात्रभर अर्धा पाण्यात उभा ठेवायचा. सकाळी ओलीची रेषा पाण्याच्या पातळीपासून फार वर चढलेली दिसली, तर तो दगड पाणी पितो, तो नको. कोरड्या तुकड्यावर तोंडाने वाफ सोडून वास घेऊन बघा, ओल्या मातीचा वास भपकन आला तर दगड कच्चा, चिकणमातीच्या जवळचा. व्हिनेगरचा थेंब टाकल्यावर फेस आला तर त्यात चुना आहे आणि तो उघड्यावर हळूहळू झिजेल. पितळेसारखे चमकणारे पिवळे कण दिसले तर ते बहुधा पायराइट, लोह आणि गंधकाचं खनिज. ते पुढे गंजून तपकिरी ओघळ सोडतात, कधी दगडाला भोकही पाडतात. छपरावरून काढलेल्या जुन्या कौलांच्या पातळ पाट्या स्वस्तात मिळाल्या तर जरूर घ्या, पण माती अडवायला नव्हे. एवढ्या पातळ पाटीचं काम बुटक्या कडेपुरतंच.

लादीच्या पृष्ठभागावर कधीकधी वेगळ्या रंगाचा तिरपा पट्टा दिसतो. त्याला तडा समजून मी एकदा एक उत्तम लादी परत करणार होते. तो पट्टा म्हणजे जुन्या चिखलाचा थर. हा दगड मुळात चिखलच. प्रचंड दाबाखाली त्यातली अभ्रकासारखी चपटी खनिजं दाबाच्या काटकोनात एका दिशेने लागतात, आणि दगड त्या दिशेने फुटतो, मूळ थरांच्या दिशेने नाही. म्हणून चिखलाचे थर एकीकडे आणि फुटण्याची दिशा भलतीकडे, असं चित्र एकाच लादीवर दिसतं.

याच गुणातून एक अडचण निघते. लादी उभी लावली की तिच्या पापुद्र्यांची टोकं वर आभाळाकडे येतात, पुस्तक उभं ठेवल्यावर पानांच्या कडा वर याव्यात तशी. पाणी तिथूनच आत जाणार. जिथे थंडीत पाणी गोठतं तिथे ते गोठताना पापुद्रे सुटे करतं. म्हणून वरची कड मी सपाट ठेवत नाही, घासून दोन्ही बाजूंना किंचित उतरती करते. पाणी ओघळून जातं आणि वाफ्यात वाकताना गुडघाही कापला जात नाही.

कापण्याबद्दल फार लिहीत नाही. हिऱ्याची चकती लावलेला ग्राइंडर पुरतो. तुकडा पडण्याच्या बाजूला आधार ठेवला नाही तर शेवटच्या दोन बोटांच्या अंतरात लादी ओरबाडून फुटते. मात्र धुळीचं नीट ऐका. या दगडात क्वार्ट्झ, म्हणजे गारेचं खनिज, असतं, आणि त्याची बारीक धूळ फुप्फुसात बसली की निघत नाही. त्यातून सिलिकोसिस हा फुप्फुसांचा आजार होतो, आणि तो बरा होत नाही. कोरडं कापू नका. चकतीवर पाण्याची धार पडत राहील असं बघा, तोंडाला घट्ट बसणारा धुळीचा मास्क लावा. नुसता रुमाल बांधून चालत नाही. पाणी आणि वीज एकत्र येणार, तेव्हा यंत्र ओल्या कामासाठी बनवलेलंच हवं. हे जमणार नसेल तर लाद्या मापात कापूनच आणा, मीही बऱ्याचशा तशाच आणल्या.

आता चर. सगळं मर्म इथेच आहे. खोली 30 सेंटिमीटर: 25 लादीला आणि खाली 5 बारीक खडीला. रुंदी फावडं मावेल इतकीच. वाटेच्या बाजूची भिंत मात्र सरळ, उभी आणि न दुखावलेली हवी. ती कुदळीने नाही, धारदार सपाट फावड्याने तासायची. कारण लादी त्या भिंतीला पाठ टेकून उभी राहणार आहे. वर्षानुवर्षं बसलेली ती माती कुणाच्याही सिमेंटपेक्षा भरवशाची. एकदा ती मोकळी केली की कितीही चोपली तरी पहिल्यासारखी होत नाही.

खडी चोपून सपाट केली की लादी आत उतरवायची. दोघं असलेले बरे. लादी नेहमी उभी उचलायची, ताटासारखी आडवी धरली तर स्वतःच्या वजनाने मोडू शकते. मी ती अगदी ओळंब्यात लावत नाही, वरची कड वाफ्याकडे बोटभर कललेली ठेवते. माती थोडीफार तर सरकणारच, आणि सरळ लावलेली लादी मग बाहेर कललेली दिसते. आतल्या बाजूला कललेली सरळ होते.

मग माती भरायची, आणि इथे जवळजवळ प्रत्येक जण घाई करतो. मीही केली होती. लादी उलथताना नेमकं काय होतं ते डोळ्यांसमोर आणा. वरचा भाग बाहेर, वाटेकडे जातो आणि खालचं टोक उलटं आत, वाफ्याच्या बाजूला यायला बघतं. म्हणजे तिला दोनच ठिकाणी धरायचं आहे: वर वाटेच्या बाजूने आणि तळाशी वाफ्याच्या बाजूने. वरचं काम ती न दुखावलेली भिंत करते. तळाचं आपण करायचं. म्हणून चराच्या तळाशी, आतल्या बाजूला, आधी खडी आणि माती मिसळून बोट-दोन बोटं जाडीचा थर टाकायचा आणि लाकडाच्या बोथट दांड्याने चोपायचा. दांडा उसळी घ्यायला लागला, आवाज भुसभुशीतचा टणक झाला, की पुढचा थर. चर एकदम भरून वरून पाय दिला तर वरची चार बोटंच घट्ट होतात आणि तळ पोकळ राहतो. माझ्या बागेत एक माणूस तीन लाद्या लावू लागला होता. पहिल्या लादीला चाळीस मिनिटं गेल्यावर म्हणाला, "ताई, असं तर रात्र होईल." झालीच.

सांध्यात मी नखभर फट सोडते. पाणी त्यातून निघून जातं. माती वाहू नये म्हणून प्रत्येक फटीमागे, मातीच्या बाजूने, कापून उरलेल्या लादीची एक पट्टी उभी लावते. कोपऱ्यावर एका लादीची बाजू दुसरीच्या टोकावर टेकवायची, नुसती टोकाला टोक नाही. वळण घ्यायचं असेल तर 15 सेंटिमीटर रुंदीच्या पट्ट्या कापा, मोठ्या लादीने वळण येत नाही, नुसते कोन येतात. उतारावर लाद्यांच्या वरच्या कडा तिरप्या कापण्याच्या फंदात पडू नका, पायऱ्या करा.

पहिल्या मोठ्या पावसानंतर आतली माती खाली बसते आणि लादीमागे सांद पडते. लोकांना वाटतं काम फसलं. फसलेलं नसतं. तिथे थोडी माती भरून पुन्हा चोपायची, एवढंच.

गेल्या वर्षी हातगाडीचं चाक आदळून मधली एक लादी कोपऱ्यातून फुटली. नेमकी त्याच आठवड्यात शेजारच्या काकू आल्या होत्या, सिमेंटचा प्रश्न घेऊन. म्हटलं, बसा, दाखवते. आतल्या बाजूची माती उकरली, दोन्ही हातांनी लादी डोलवली आणि वर ओढली. वरचा भाग ऊन-पावसाने फिकट झालेला, खालचा आणल्या दिवशी होता तसा गडद निळसर काळा, आणि मध्ये मातीची रेषा आखल्यासारखी. काकूंनी त्या रेषेवर हात ठेवला, मग खालच्या टोकापर्यंत वीत मोजली. "अगं, एवढी आत?"

"एवढी आत."

नवी लादी त्याच चरात, त्याच भिंतीला लावली. शेजारच्या दोघी जागच्या हलल्यासुद्धा नाहीत. फुटलेलीचे दोन तुकडे काढून ठेवलेत, कुठल्यातरी सांध्यामागे लागतील. काकू परवा पुन्हा आल्या होत्या, दांडा कुठल्या लाकडाचा आहे ते विचारायला. कुदळीचा जुना दांडा आहे, दुसरं काही नाही.