सही केली होती ना?

ठाणे अंमलदाराने करारनामा उलटसुलट करून पाहिला आणि विचारलं, "सही हिचीच ना? मग हा दिवाणी वाद झाला."

ऑगस्ट 2024. माझ्या मावसबहिणीला वेब सिरीजच्या ऑडिशनला मुंबईला बोलावलं, एका बंगल्यावर. इंग्रजी करारावर घाईघाईत सही घेतली. ऐनवेळी कपडे काढायला सांगितले. तिने नाही म्हटल्यावर करारातलं दहा लाखांच्या भरपाईचं कलम दाखवलं. "ही फक्त चाचणी आहे, बाहेर जाणार नाही." तीन आठवड्यांत क्लिप पैसे भरून बघायच्या अ‍ॅपवर होती.

सायबर गुन्ह्यांच्या राष्ट्रीय पोर्टलवरची तक्रार तासाभरात झाली. अडलं ते आमच्या तालुक्याच्या पोलीस ठाण्यात.

पहिल्या दिवशी उत्तर मिळालं, "बंगला मुंबईत, तिकडे जा." दुसऱ्या खेपेला ही सही. तिसऱ्या खेपेला साहेबांना आधी 65 ब चं, म्हणजे डिजिटल पुराव्यासोबत जोडायचं प्रमाणपत्र हवं होतं. पुरावा कायदा 1 जुलैलाच बदलला होता, ते कलम आता 63 झालं होतं. त्या नमुन्याचे दोन भाग आहेत, एक आपण भरायचा आणि दुसरा तज्ज्ञाने. तज्ज्ञ आणायचा कुठून, तर "ते तुम्ही बघा." ती बाकावर ओढणी घट्ट धरून बसलेली, आणि येणारा-जाणारा प्रत्येक हवालदार "काय मॅटर आहे?" विचारत होता. चौथ्यांदाही तेच ऐकल्यावर माझा आवाज चढला. चढायला नको होता, पण चढला.

माझ्या वकील मैत्रिणीने रात्री फोनवर सगळं फोडून सांगितलं. प्रमाणपत्र लागतं ते पुरावा कोर्टापुढे जाताना, गुन्हा नोंदवायला नाही. हद्द कुणाचीही असो, शून्य क्रमांकाने गुन्हा (झिरो एफआयआर, जो नंतर हद्दीच्या ठाण्याकडे जातो) घ्यावाच लागतो. आणि सहीचं म्हणाल तर भारतीय न्याय संहितेच्या कलम 77 चं स्पष्टीकरण वाचा: चित्रीकरणाला होकार असला, पण ते इतरांना दाखवायला नसला, तर दाखवणं गुन्हाच. धमकावून घेतलेला होकार तर होकारच नव्हे.

दुसऱ्या दिवशी हे सगळं लिहून पोलीस अधीक्षकांना रजिस्टर्ड पोस्टाने पाठवलं. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173(4) मध्ये हीच वाट दिली आहे. पाचव्या दिवशी त्याच ठाण्यातून फोन: "ताई, या ना, जबाब घेऊ." जबाब महिला अधिकाऱ्यानेच घेतला. मला आसुरी आनंद झाला, खोटं कशाला बोलू?

हो, एक राहिलंच. स्क्रीनशॉटमध्ये पूर्ण लिंक, तारीख आणि वेळ दिसू द्या. आमचे पहिले सात वाया गेले. अ‍ॅपच्या तक्रार अधिकाऱ्याला त्याच दिवशी मेल करा. तेव्हाच्या नियमाने अशी क्लिप 24 तासांत उतरवायची होती. आमची नवव्या दिवशी उतरली, तीही एफआयआर क्रमांक कळवल्यावर.

एफआयआरची प्रत फिर्यादीला फुकट मिळते. आमच्याकडे झेरॉक्सचे पैसे मागितले. मी दिले नाहीत.