लाल गोलातली गाडी

चाळीसगावला गेलो ते खरं तर केकी मूस यांचं घर बघायला. स्टेशनजवळच आहे. या माणसाने टेबलावर साध्यासुध्या वस्तू मांडून अख्खी दृश्यं उभी केली नि त्यांचे फोटो काढले, बघणाऱ्याला खरीच वाटावी अशी. दुसरा दिवस पाटणादेवी, ऊन, पाय दुखले, विषय संपला.

लिहायचंय ते रात्रीबद्दल. मुक्काम मावशीकडे, कळण्याची भाकरी आणि भरीत (तेल एवढं की नंतर दोन ग्लास ताक प्यायलो), आणि जेवणं झाल्यावर मावसभावाचा मुलगा म्हणाला, काका माझा प्रोजेक्ट बघा. फाइन आर्टला आहे. व्हिडिओ आर्ट म्हटल्यावर मी मनातल्या मनात जांभई दिली, खोटं कशाला बोलू.

विषय ३१ ऑगस्ट २०२१ चा पूर. रात्रभर कोसळला, तितूर आणि डोंगरी या दोन्ही नद्या गावात शिरल्या, कन्नड घाटात दरडी पडून हायवे बंद. पोराने टीव्हीवरची एक क्लिप घेतली आणि चित्रच पुसून टाकलं. नुसता काळा पडदा. उरलं काय, तर खालची पळती पट्टी, कोपऱ्यातलं 'एक्स्क्लुझिव्ह', ते धाड धाड म्युझिक, आणि वाहत्या कशाच्या तरी मागे सरकणारा एक लाल गोल. ११ सेकंद, की परत पहिल्यापासून. पाचव्यांदा मला हसू यायला लागलं.

मावशी हात पुसत दारात उभी होती. म्हणाली, "त्या गोलमा आमनी गाडी शे."

मावसभावाची बाईक. हप्ते चालू होते तेव्हा.

हीच क्लिप मी तेव्हा पुण्यातून तीन ग्रुपवर टाकलेली, 'बापरे' लिहून. मावशीला फोन केला चौथ्या दिवशी.

पोराला हे सुचलं चिलीचा कलाकार अल्फ्रेडो जार याच्यावरून. केविन कार्टरने १९९३ मध्ये सुदानात काढलेला ते मूल आणि गिधाडाचा फोटो, त्यावर जारचं आठेक मिनिटांचं काम आहे, त्यात फोटो दिसतो क्षणभर, बाकी सगळे शब्द.

पोराच्या व्हिडिओत पुढे १३ मिनिटं मावशी खराट्याने चिखल ओढतेय, मोबाइलवर तेव्हाच काढलेलं, आवाज फक्त खराट्याचा. मी म्हटलं, अरे निम्मं कर, लोक उठून जातील. तर म्हणे, काका, आम्हाला २१ दिवस लागले.

टीव्हीवाला आला तोवर पाणी ओसरलेलं, म्हणून गटारीजवळचं गुडघाभर डबकं शोधून त्यात उभा राहून बोलला, हे मावशीच सांगत होती. त्यालाही चहा दिला म्हणे तिने. दूध नव्हतं, काळाच.