छताला लागलेला देवमासा

चिऊच्या सहाव्या वाढदिवसाला कुणीतरी चंदेरी फॉइलचा देवमासा आणला. हातभर लांब फुगा, आत हेलियम गॅस, शेपटीला लाल रिबन. पहिले तीन दिवस तो हॉलच्या छताला पाठ लावून पडून होता आणि घरातलं कुणी त्याच्याकडे बघतही नव्हतं. चौथ्या रात्री मी पाणी प्यायला उठलो, तर पॅसेजमध्ये माझ्या खांद्याच्या उंचीला कुणीतरी उभं. दिवा लावेपर्यंत जी काही दोन-तीन सेकंदं गेली, त्यांत मी रामरक्षेच्या दुसऱ्या ओळीपर्यंत पोचलो होतो.

सकाळी नीट पाहिलं. थोडा गॅस गेला होता, म्हणून तो खाली आला होता. पण जमिनीवर पडला नव्हता. रिबनचं टोक फरशीवर वेटोळं घालून पडलेलं, वरची रिबन ताठ, आणि त्याच्यावर मासा स्वस्थ. गॅस अजून थोडा गेला की तो बोटभर खाली यायचा, तेवढी रिबन फरशीवर टेकायची, तेवढंच ओझं कमी, की पुन्हा स्थिर. कुणी न शिकवता इतका काटेकोर हिशेब!

"मामा, तो आजारी आहे का?" चिऊनं विचारलं. मी म्हटलं, नाही गं, असे प्राणी असतात. आणि मग बोललो ते निस्तरणं आलं.

असतात म्हणजे, असू शकतील असं कार्ल सेगन आणि एडविन सॅल्पीटर या कॉर्नेल विद्यापीठातल्या दोन शास्त्रज्ञांनी १९७६ साली लिहिलं होतं. गोष्टीच्या पुस्तकात नव्हे, खगोलभौतिकीच्या नियतकालिकात, रीतसर समीकरणं मांडून. प्रश्न असा होता : गुरू ग्रहावर पाय टेकायला जमीनच नाही, नुसते ढग आणि खाली वाढत जाणारी उष्णता, तिथे जीव असलाच तर तो जगेल कसा? त्यांनी समुद्रातल्या जीवांवरून अंदाज बांधला. सगळ्यात बारके ते सतत खाली बुडत जाणारे. त्यांना मी 'बुडे' म्हणतो. खाली जाऊन भाजून निघायच्या आत त्यांनी आपली पिल्लं सोडायची, आणि वर उठणाऱ्या प्रवाहांनी त्यांतली काही परत थंड थरात नेऊन ठेवायची. काय तो संसार! आणि बुड्यांपेक्षा कितीतरी मोठे ते 'तरंगे'. गॅसच्या पिशव्या, कित्येक किलोमीटर रुंद, कळपांनी हिंडणाऱ्या.

इतके मोठे कशाला? मला आधी वाटलं, परग्रहावरचा प्राणी आहे, तर मोठा दाखवायची हौस. पण वहीच्या मागच्या पानावर गुणाकार केला आणि गप्प बसलो.

आपल्या हवेत एक घनमीटर हेलियम साधारण एक किलो वजन उचलतो. गुरूची हवा मुळातच हायड्रोजन आणि हेलियमची, म्हणजे आधीच हलकी. तिथे चिऊचा मासा सोडला तर दगडासारखा खाली जाईल, कारण तिथे हेलियम हाच जड वायू. तरंग्यांनी म्हणे तो पोटातून बाहेर टाकायचा आणि निव्वळ हायड्रोजन ठेवायचा, नाहीतर पोट गरम ठेवायचं. पण निव्वळ हायड्रोजनसुद्धा, जिथे दाब आपल्याइतकाच आहे त्या थरात, घनमीटरमागे जेमतेम वीसएक ग्रॅम उचलतो. एवढ्याशा मजुरीवर घर चालवायचं तर पोट मोठंच हवं. कारण आकार दुप्पट केला की कातडी चौपट होते, पण पोट आठपट. फुटबॉलएवढ्या तरंग्याला कांद्याच्या पापुद्र्याहून पातळ कातडीसुद्धा परवडत नाही. त्रिज्या एक किलोमीटर झाली की मात्र दर चौरस मीटरला सातेक किलो कातडी पेलते. म्हणजे बऱ्यापैकी जाड, अंगावर चिलखत घालावं अशी.

गंमत म्हणजे हेच गणित जमिनीवर उलटं फिरतं. माणूस सगळ्या बाजूंनी दुप्पट केला तर वजन आठपट आणि ते पेलणाऱ्या हाडांचा आडवा छेद फक्त चौपट, मग गुडघे कुठून टिकणार. राक्षस उभा राहू शकत नाही तो याच्यामुळे. २०२३ च्या नोव्हेंबरात गणपतीपुळ्याच्या वाळूत देवमाशाचं पिल्लू अडकलं होतं, आठवतंय? लोकांनी भिजतं ठेवलं, ओढून पाण्यात नेलं, तरी ते जगलं नाही. पाण्यात ज्याला आपलं वजन कधी कळलंच नव्हतं, त्याला ते वाळूवर कळलं.

हेलियमचं नाव निघालं की आपल्याकडे कुणीतरी 'त्याचा शोध आपल्या विजयदुर्गावर लागला' हे काढतंच. १८ ऑगस्ट १८६८ चं खग्रास ग्रहण, किल्ल्यावरचा साहेबाचा कट्टा. पुस्तकांत मात्र गुंटूरला दुर्बीण लावून बसलेला फ्रेंच खगोलशास्त्रज्ञ जॅन्सन आणि त्याच ऑक्टोबरात विलायतेत सूर्याच्या प्रकाशात हेलियमची पिवळी रेषा पाहणारा इंग्रज लॉकियर. मी कोकणाचा जावई आहे, या वादात पडत नाही.

तरंग्यांना शत्रूही आहेत. शिकारी. चपळ, संख्येनं थोडे, आणि तरंग्याला खातात ते नुसत्या मांसासाठी नाही, त्यानं जन्मभर गाळून जमवलेल्या हायड्रोजनसाठीसुद्धा. ही कल्पना मला फार आवडते. दुसऱ्याचा हलकेपणा चोरणारा प्राणी! असे दोघे-तिघे माझ्या ओळखीचेही आहेत.

७ डिसेंबर १९९५ ला गॅलिलिओ यानानं सोडलेली कुपी पॅराशूट लावून गुरूच्या ढगांत उतरली. तासाभराहून थोडी कमी बोलत राहिली, हेलियम किती तेही मोजून सांगितलं, आणि मग दाबानं आणि उष्णतेनं गप्प झाली. तरंगा दिसला का? तिच्यात कॅमेराच नव्हता. शेजारून किलोमीटरभराची कातडी सरकत गेली असती तरी तिला त्याचा पत्ता लागला नसता. दिसला नाही म्हणजे नाहीच, असं समजणारी माणसं मला कंटाळवाणी वाटतात. पण आहेच म्हणणाऱ्यांना मी पैसेही उसने देणार नाही.

यातलं चिऊच्या डोक्यात काय शिरलं ते संध्याकाळी कळलं. तिनं कात्री घेतली आणि फरशीवरची रिबन कापली. मासा हलला नाही. मग तिनं वरची वीतभर कापली, तसा तो सुटल्यासारखा वर गेला आणि पंख्याच्या अगदी जवळ जाऊन छताला लागला.

ती पंख्याच्या तीन पात्यांकडे बराच वेळ बघत राहिली.

"मामा," ती हळूच म्हणाली, "शिकारी तर आपल्याच घरात आहे."

मे महिना होता. त्या रात्री आम्ही सगळे पंखा बंद ठेवून झोपलो.