चोपता-तुंगनाथ : चैत्रातलं ऊन, दुपारच्या गारा

पुण्यात पंख्याखालीही घाम निथळत होता. एप्रिलचा पहिला आठवडा, पहाडातही वसंतच, म्हणून जाड जाकीट बॅगेतून काढून ठेवलं होतं. आईनं ते गुपचूप परत कोंबलं.

उत्तराखंडातल्या उखीमठाहून चढताना दोन्ही बाजूंनी बुरांस (पहाडातलं ऱ्होडोडेंड्रॉनचं झाड) लालभडक फुललेला. सुती शर्टात फोटो काढले. चोपत्याला (साधारण 2,700 मीटर) पोचेपर्यंत ऊन गेलं, संध्याकाळी गारा पडल्या आणि रात्री लख्ख चांदणं!

पहाटे चारला निघालो. तुंगनाथच्या शिवमंदिरापर्यंत साडेतीन किलोमीटर फरसबंद वाट आहे, पण वरच्या टप्प्यात सावलीतला बर्फ रात्रीतून गोठून काचेसारखा होतो. बुटांना बांधायचे काटे चोपत्यात भाड्यानं मिळतात, ते घ्याच. मंदिर 3,680 मीटरवर. ते वैशाखात उघडतं, तोवर उत्सवमूर्ती मक्कूमठात असते. दर्शनाची आस असेल तर तारीख बघूनच या. आम्ही बंद दाराला हात जोडून मंदिराच्या वरच्या चंद्रशिला शिखरावर गेलो. उगवतीला चौखंबा हे हिमशिखर केशरी झालेलं पाहिलं आणि बराच वेळ कुणी बोललंच नाही.

नऊला चौखंब्यापाशी कापसाएवढा ढग होता. दहाच्या आत उतरायला लागा, असं चहावाल्या काकांनी बजावलं होतं, म्हणून निघालो. आपला वळीव जसा तापलेल्या जमिनीवरून वर चढणाऱ्या हवेतून दुपारनंतर उभा राहतो, तसंच इथंही होतं. फक्त डोंगर उंच, त्यामुळे ढग लवकर जमतात. त्यात पश्चिमी विक्षोभ (पश्चिमेकडून येणारी पाऊस-बर्फाची हवा) आला, तर दोन-दोन दिवस बर्फ पडू शकतो. म्हणून रुद्रप्रयाग जिल्ह्याचा हवामान खात्याचा अंदाज आधी पाहा आणि एक दिवस हाताशी मोकळा ठेवाच. सकाळचं निळं आकाश पाहून उशिरा निघू नका. गडगडाट ऐकू आला की शिखर आणि धार सोडून खाली या. कोरडे मोजे प्लास्टिकच्या पिशवीत ठेवा. वाऱ्यापुढे छत्री टिकत नाही, रेनकोट हवा.

साडेबाराला आम्ही चहाच्या टपरीत होतो, तेव्हा पत्र्यावर गारा तडतडू लागल्या. अकराला वर निघालेली मुलं चिंब होऊन परतली. एका मुलीचे ओठ निळे पडले होते. आईचं जाकीट तिला घातलं, चुलीपाशी बसवलं. अर्ध्या तासानं ती चहा मागू लागली, तेव्हा बाहेर पुन्हा ऊन पडलं होतं.