पाय मोडलेली अक्षरे आणि इंग्रजीचे ध्वनी

महाराष्ट्रात २००० सालापासून पहिलीतच इंग्रजी शिकवले जाते. देवगड तालुक्यातील आमच्या दोनशिक्षकी शाळेत पहिली आणि दुसरी एकत्र बसतात व हे दोन्ही वर्ग माझ्याकडे आहेत. शाळेत येण्यापूर्वीच मुलांना काही इंग्रजी अक्षरे येतात, कारण गाड्यांच्या पाट्यांवरचे ‘एमएच ०७’ त्यांना तोंडपाठ असते. परंतु ती अक्षरांची नावे असतात आणि नावे जोडून वाचन होत नाही. ‘सी-ए-टी’ कितीही भरभर म्हटले तरी त्यातून ‘कॅट’ निघत नाही. मराठीत ‘क’चे नाव आणि उच्चार एकच असल्यामुळे हा घोळ मुलांना नवा असतो.

म्हणून एबीसीडीचा क्रम बाजूला ठेवून मी एस, ए, टी, पी, आय, एन यांच्या ध्वनींपासून सुरुवात केली. ध्वनिपद्धतीत हा क्रम रूढ आहे, कारण एवढ्या अक्षरांतूनच ‘सॅट’, ‘पिन’, ‘टॅप’ असे पुष्कळ शब्द लगेच तयार होतात. पालकांना मात्र हे रुचले नाही. “बाई, माझ्या चेडवाक अजून एबीसीडी येना नाय,” अशी तक्रार घेऊन एक आई आली, तेव्हा मी मुलीकडून फळ्यावरचा ‘पिन’ हा शब्द तिच्यासमोर वाचून घेतला आणि विषय तेथेच मिटला.

सर्वाधिक वेळ ध्वनी जोडण्यात गेला. आपण ‘प’ म्हणतो तेव्हा त्यात ‘अ’ मिसळलेलाच असतो, त्यामुळे मुले ‘प-इ-न’ असे तुटक म्हणत राहतात आणि ‘पिन’पर्यंत पोहोचत नाहीत. यावरचा उपाय आपल्या लिपीतच आहे. दुसरीच्या मुलांना पाय मोडलेली अक्षरे ठाऊक होती. त्यांना ‘प्’, ‘ट्’, ‘न्’ म्हणायला लावले आणि त्यांचे ऐकून पहिलीची मुलेही म्हणू लागली. ‘स्’ आणि ‘न्’ हे ध्वनी लांबवता येतात, ‘प्’ आणि ‘ट्’ लांबवता येत नाहीत. त्यामुळे आधी ‘सॅट’, ‘नॅप’ आणि नंतर ‘पिन’, ‘टॅप’ असा क्रम सोयीचा पडला. इंग्रजी शब्दाखाली देवनागरी लिहून देणे मात्र मी कटाक्षाने टाळले, कारण मग मूल देवनागरीच वाचते.

काही ध्वनी तोंडाकडे पाहूनच शिकावे लागतात. ‘फॅन’चा ध्वनी वरचे दात खालच्या ओठावर टेकवून निघतो, तर ‘फणस’ म्हणताना दोन्ही ओठ मिटतात. ‘व्हॅन’ला दात लागतात आणि ‘वेट’ला ओठांचा चंबू करावा लागतो, वर्गात आरसा आणल्यावर हे हसतखेळत झाले. झेडसाठी ‘झाड’मधला ‘झ’ पुष्कळ जवळचा आहे. जेला मात्र ‘जीव’मधला ‘ज’ हवा, ‘जाळे’मधला नव्हे, आणि हा फरक मच्छीमारांच्या मुलांना समजावून सांगावाही लागला नाही.

स्वरांचे प्रकरण अवघडच आहे. इंग्रजीत अक्षरे २६ आणि ध्वनी सुमारे ४४. एकटे ‘ए’ हे अक्षर ‘कॅट’, ‘केक’, ‘कार’ आणि ‘बॉल’ या शब्दांत चार वेगवेगळे आवाज काढते. शब्दाच्या शेवटी मुका ‘ई’ आला की ‘कॅप’चे ‘केप’ होते, हा नियम दुसरीची मुले आता ओळखतात. ‘वॉज’, ‘सेड’ यांसारखे शब्द नियमात बसत नसल्यामुळे ते लाल शाईने लिहून भिंतीवर लावले आहेत आणि ते पाहूनच ओळखायचे, असे ठरले आहे.