सोडा ब्रेड : तीन रविवार वाया गेले ते मळण्यात

आयर्लंडमधल्या कॉर्कला राहायला आल्यापासून आयरिश सोडा ब्रेड घरी करायचा होता. यीस्ट नाही, पीठ फुगायची वाट बघणं नाही. मैदा, मीठ, खायचा सोडा, ताक, बस्स. तरी तीन रविवार बिघडला. वरून खरपूस, कापला की मधे गच्च, दाताला चिकटणारा.

पहिल्यांदा वाटलं ओव्हनच बिघडलाय. पुढच्या रविवारी जास्त वेळ भाजला, तर कवच दगड आणि आत तसाच. मग सोडा वाढवला. चव साबणासारखी आणि मधे पिवळसर ठिपके. (सोडा चाळूनच घ्या, गुठळी राहिली की ठिपके पडतात.)

चूक हाताच्या सवयीत होती. पीठ भिजलं की मी कणीक तिंबायला लागते आणि मळून झाली की झाकून ठेवते. लहानपणापासून तेच केलंय. इथे नेमकं तेच नडतं. ताकाचा आंबटपणा सोड्याला लागला की लगेच वायू सुटतो, आणि ब्रेड फुगतो तो त्यावरच. माझा गोळा वीस मिनिटं झाकलेला, तोवर बराचसा वायू निघून गेलेला. शिवाय मळल्याने पीठ चिवट होतं ते वेगळंच. इथला गहू मऊ, त्यात ग्लुटेन (पिठाला चिवटपणा देणारं प्रथिन) कमी, म्हणून तर यीस्टपेक्षा सोडा इथे रुजला. मी मात्र यीस्टच्या ब्रेडचा जास्त ग्लुटेनवाला मैदा आणला होता. तुम्ही साधाच घ्या.

चौथ्या रविवारी शेजारच्या आजी समोर उभ्या राहिल्या. ४५० ग्रॅम मैदा, मीठ आणि सोडा एकेक छोटा चमचा, मधे आळं, त्यात ३५० मिली ताक एकदम. बोटं फाकवून एकाच हाताने गोल फिरवायची. अर्धा मिनिटही झाला नसेल, तोच म्हणाल्या, "पुरे. आता हात काढ." गोळा चिकट, खडबडीत. तसाच ओव्हनमध्ये ढकलायला माझं मन होईना. त्यांनी वर सुरीने खोल फुली मारली, चारही भागांना टोचलं. पऱ्या बाहेर जायला हव्यात म्हणे. फुलीमुळे मधलं पीठही शिजतं, म्हणून ती वरवर मारू नका.

ओव्हन आधीच तापलेला हवा, हे सुरुवातीलाच सांगायला हवं होतं. २२० अंशांवर १५ मिनिटं, मग २०० वर अर्धा तास. ताक इथे खोक्यात मिळतं, दाट आणि आंबट. आपलं पाणी घातलेलं पातळ ताक चालणार नाही.

शेवटी आजींनी ब्रेड उलटा करून माझ्यापुढे धरला. बुडाला बोटाने टकटक केलं. पोकळ आवाज आला, म्हणजे आतपर्यंत भाजला होता. मी पुन्हा एकदा वाजवून बघितलं.